आदेरितुने ते नाव घेतलं का?

आदेरितु लोरोझा भित्रा होता. हे मी त्याच्या माघारी बोलत नाही. त्याच्या तोंडावर म्हणायचो आणि तो मान डोलवायचा. तो कुत्र्यांना भ्यायचा, बंद लिफ्टला भ्यायचा, टेलिफोनच्या घंटीला भ्यायचा. सेतूबलसारख्या बंदरात, कोळ्याच्या पोटी जन्माला येऊन तो समुद्रालाही भ्यायचा, याची तर गल्लीभर थट्टा व्हायची. "आदेरितु, पाय धुताना जपून रे, बुडशील!" असं बायका दारातून ओरडायच्या.

त्याची आई सार्डिन मासे डबाबंद करणाऱ्या कारखान्यात होती. बोटी धक्क्याला लागल्या की भोंगा व्हायचा आणि बायका चुलीवरचं तसंच टाकून धावत सुटायच्या. गावात कारखाने पुष्कळ आणि प्रत्येकाचा भोंगा निराळा. एवढासा असताना आदेरितुला ते सगळे ओळखता येत. आईच्या कारखान्याचा झाला की हा टेबलाखाली जाऊन बसे, तो आई परत येईपर्यंत बाहेर निघत नसे.

आम्ही दोघं गावच्या बँडमध्ये होतो. माझं क्लॅरिनेट, त्याचं कॉर्नेट. एका जत्रेत त्याला पहिल्यांदाच एकट्याने वाजवायचं होतं. तो उभा राहिला, कॉर्नेट ओठांना लावलं, समोरची गर्दी बघितली आणि शेजारच्या ट्युबाच्या भल्यामोठ्या तोंडात भडाभडा ओकला. ट्युबावाला महिनाभर आमच्याशी बोलला नाही. बँडमास्तर म्हातारे होते, शहाणे होते. त्यांनी आदेरितुला बाजूला घेतलं. "पोरा, तुझा कान सोन्याचा आहे, पण काळीज लोण्याचं. तू वाजवू नकोस. लिही. वाजवायला आम्ही गाढवं आहोत."

म्हणून तो लिहू लागला. लिस्बनला जाऊन शिकला, मागोमाग मीही पोटासाठी तिथेच गेलो. तेव्हा देशात हुकूमशाही होती आणि सरकार माहितीपट काढायचं. कॉड मासे पकडणारी जहाजं, धरणं, बुचाच्या झाडांची साल काढणारे मजूर असं काहीबाही. त्यांना संगीत लागे आणि ते आदेरितु देई. ध्वनिमुद्रणाच्या दालनात अंधार असायचा. पडद्यावर चित्र चालायचं, आम्हा वादकांच्या नजरा कागदावर, आणि आदेरितु पडद्याकडे बघत हात हलवायचा. नेमक्या क्षणी जहाज वळायचं आणि नेमक्या क्षणी आमचे चेलो वळायचे. तिथे त्याला भीती वाटत नसे. तो मला म्हणाला होता, "इथे कुणीच माझ्याकडे बघत नाही, नोर्बेर्तु. जगात याच्याइतकी सुरक्षित जागा नाही."

तसं त्याला वाटत होतं.

किरीनु आमच्याच गावचा. आमच्याहून धाकटा, केस वाढवलेला, तोंडाने फटकळ, आणि सिनेमाच्या वेडाने पार झपाटलेला. कुठून कुठून उसनवारी करून त्याने एक सिनेमा काढला: 'तिसरा भोंगा'. कारखान्यातल्या एका विधवेची गोष्ट होती. तो आदेरितुच्या घरी आला तेव्हा मी तिथेच सूप पीत बसलो होतो.

"मास्तर, संगीत तू करायचं."

"मी जहाजांचं संगीत करतो रे. मला या भानगडीत नको घेऊस."

"भानगड कसली? एक बाई धावते, एवढीच गोष्ट आहे."

"सेन्सॉरवाले—"

"त्यांचं मी बघतो. आदेरितु, तू भितोस म्हणूनच मला तू हवास. ही बाईपण भिते. भोंगा झाला की तिच्या पोटात काय होतं ते मला दाखवता येत नाही. ते तुला ठाऊक आहे."

आदेरितुने इल्दाकडे बघितलं. इल्दा त्याची बायको. शिवणकाम करायची, तोंडात टाचण्या धरून बोलायची. टाचण्या न काढताच ती म्हणाली, "कर की. नाही केलंस तर वर्षभर झुरत बसशील आणि मला ते ऐकावं लागेल."

त्याने केलं. ती चाल मीच क्लॅरिनेटवर वाजवली. आधी खालच्या सुरांत दबकत चालणारी, मग एका जागी अचानक अर्ध्या सुराने चढणारी, जणू कुणीतरी पाठीमागून हाक मारली. ऐकताना मान वळवून बघावंसं वाटायचं. सिनेमा संपल्यावर मित्रमंडळी जेवायला बसली तेव्हा किरीनुने गंमत म्हणून त्या चालीवर शब्द बसवले. एक दिवस भोंगा होईल आणि कोणीच धावणार नाही, अशा अर्थाचे. आम्ही टेबलावर ताल धरून ते गायलो. आदेरितु उठून खिडक्या लावत होता.

सेन्सॉरने सिनेमा बराच कापला, पण चालीला कात्री लावायचं कुणाला सुचलं नाही. सिनेमा एकाच थिएटरात लागला. दुसऱ्या आठवड्यात विधवा धावू लागली आणि प्रेक्षकांत कोणीतरी गुणगुणलं. मग चारपाच जण. मग सगळं थिएटर तोंड मिटून गुणगुणू लागलं. किरीनुचे शब्द जेवणाच्या टेबलावरून निघून विद्यार्थ्यांपर्यंत पोचले होते. शब्द कुणी उच्चारत नव्हतं, पण ते सगळ्यांना येत होते. मी आदेरितुला सांगायला गेलो. मला वाटलं, खूष होईल. तो खुर्चीत बसला आणि त्याचे ओठ पांढरे पडले.

"माझं नाव आहे पडद्यावर," तो म्हणाला. "मोठ्या अक्षरात."

त्याला नेलं ते सकाळी, बेकरीतून परतताना. साध्या कपड्यातली दोन माणसं, अगदी अदबीने बोलणारी. त्याच्या हातातला पाव त्यांनी बेकरीवालीकडे दिला आणि बाईंना पोचवा म्हणून सांगितलं. इल्दाला नवऱ्याआधी पाव मिळाला. तिने मला निरोप धाडला, पण मी काय करणार? राजकीय पोलिसांच्या दारात जाऊन चौकशी करणाऱ्यांचीही चौकशी व्हायची. आम्ही दोघं स्वयंपाकघरात बसून राहिलो. जिन्यावर पाऊल वाजलं की इल्दाच्या तोंडातल्या टाचण्या थरथरायच्या.

तो परत आला तेव्हा त्याच्या पायात बूट जात नव्हते, हातात धरून आणले होते. पाय भोपळ्यासारखे सुजलेले. त्याला उभं ठेवलं होतं, झोपू दिलं नव्हतं, एवढंच आम्हाला कळलं. बाकी तो काही बोलला नाही. आम्हीही विचारलं नाही.

त्याच दिवसांत किरीनुलाही उचललं होतं. त्याला फार दिवस ठेवलं. सुटला तेव्हा छातीतून भात्यासारखा आवाज यायचा. मग तो डोंगरातून चोरवाटेने स्पेनमध्ये आणि तिथून फ्रान्सला गेला. पॅरिसजवळ कुठेतरी इमारतींवर मजुरी करत होता म्हणे. तिथेच वारला, राजवट कोसळायच्या आधीच्या हिवाळ्यात. थोडं थांबला असता तर परत आला असता. एप्रिलमध्ये सैन्यानेच राजवट उलथली, सैनिकांच्या बंदुकांत लाल फुलं खोवली गेली, सारं लिस्बन रस्त्यावर नाचलं, मी ओठ सुजेस्तोवर क्लॅरिनेट वाजवत फिरलो. आदेरितु खिडकीच्या पडद्यामागे उभा होता.

"अरे, गेले ते! संपलं!" मी खालून ओरडलो.

"कुठे गेले?" त्याने वरून विचारलं. मला तेव्हा ते हास्यास्पद वाटलं.

पुढची वर्षं मात्र बरी गेली. टेलिव्हिजनवर कामं मिळू लागली. नाटकं, मुलांचे कार्यक्रम, बातम्यांची सुरावट. त्यांना मुलगी झाली, तिचा धर्मपिता मी झालो, तेव्हापासून इल्दा मला कुंपाद्र म्हणू लागली. मग ब्राझीलच्या मालिकांना तोंड द्यायला आमच्याकडेही मालिका निघू लागल्या, आणि 'मिठागर' नावाच्या मालिकेचं संगीत आदेरितुकडे आलं. तिचं शीर्षकगीत लागलं की रस्ते ओस पडायचे. मासेवाले ते शिट्टीवर वाजवायचे, शाळेतली पोरं त्यावर चावट शब्द बसवायची. पन्नाशीत माझा भित्रा मित्र प्रसिद्ध झाला.

तो लिस्बनच्या काम्पु दे ओरिक भागात राहायचा. रोज दुपारी कोपऱ्यावरच्या कॅफेत आम्ही दोघं कॉफी घ्यायचो. त्या दिवशी मी वर्तमानपत्र वाचत होतो, तो साखर ढवळत होता. शेजारच्या टेबलावर एक म्हातारे गृहस्थ येऊन बसले. करडा कोट, स्वच्छ दाढी केलेली, हातात केकचं पुडकं. वेटर म्हणाला, "या डॉक्टरसाहेब." आमच्याकडे चार बुकं शिकलेल्या कुणालाही डॉक्टर म्हणतात, त्यामुळे मी मान वर केली नाही.

त्या गृहस्थांनी 'मिठागर'ची चाल गुणगुणायला सुरुवात केली. सावकाश, स्वतःशीच. तिसऱ्या ओळीत एक सूर चुकला.

"तिथे अर्धा सूर वर जातो," आदेरितु म्हणाला.

त्याने मान वळवली नव्हती. डोळे कपावरच होते. तोंडातून शब्द आपोआप निघाले होते, आणि निघाल्याबरोबर त्याच्या हातातला चमचा खाली पडला.

"अगदी बरोबर," ते गृहस्थ हसून म्हणाले. "कान अजून तसाच आहे, मास्तर. माझी नात पियानोवर तुमचं गाणं वाजवते हो. मी तिला म्हटलं, यांना मी फार पूर्वीपासून ओळखतो."

आदेरितुने माझा दंड धरला. इतका घट्ट की नंतर वळ उमटले. "चल," तो म्हणाला. आम्ही कॉफी तशीच टाकून निघालो. चौकातल्या बागेत एका बाकावर बसलो. ऊन लख्ख होतं, म्हातारे पत्ते कुटत होते, आणि याचे दात थंडी भरल्यासारखे वाजत होते.

तिथे त्याने मला सगळं सांगितलं, पहिल्यांदाच.

त्या खोलीत हाच माणूस होता. इतर शिव्या द्यायचे, हा देत नसे. आदेरितुला भिंतीशी उभं केलेलं असे, आणि हा टेबलाशी बसून 'तिसरा भोंगा'ची चाल गुणगुणायचा. मुद्दाम एक सूर चुकवायचा. विचारायचा, बरोबर आहे का, मास्तर? आदेरितु ठरवायचा की बोलायचं नाही. पण चुकलेला सूर त्याला सहनच व्हायचा नाही. नाही, अर्धा वर, असं तो म्हणून जायचा. "हं, म्हणजे बोलता येतं तर," असं म्हणून हा माणूस पुढचा प्रश्न विचारायचा: शब्द कोणाचे?

"मग?" मी विचारलं.

"मला झोप नव्हती, नोर्बेर्तु. भिंतीवरून मासे चालत होते. आई खोलीत येऊन गेली. मी कुणाकुणाशी बोलत होतो. किरीनुसुद्धा आला होता तिथे, माझ्या शेजारी उभा राहिला, आणि मी त्याला नावाने हाक मारली."

"खरोखर?"

"तेच तर मला माहीत नाही!" तो जवळजवळ किंचाळला. पत्तेवाल्यांनी वळून बघितलं. त्याने आवाज खाली आणला. "हाक मनातल्या मनात मारली की मोठ्याने, ते आठवत नाही. इतकी वर्षं आठवायचा प्रयत्न करतोय. मी किरीनुचं नाव घेतलं की नाही, हे जगात एकाच माणसाला माहीत आहे. आणि तो आत्ता केक घेऊन नातीकडे गेला."

मी त्याला घरी पोचवलं.

तो माणूस दोन रस्ते पलीकडे, मुलीकडे राहायला आला होता. राजवट गेल्यावर थोडी कैद भोगून सुटलेला. आता रोज दिसायचा. बेकरीत, ट्रामच्या थांब्यावर, चर्चच्या पायऱ्यांवर. प्रत्येक वेळी टोपी उचलायचा. "नमस्कार, मास्तर." बस, एवढंच. धमकी नाही, वाकडा शब्द नाही. आदेरितुने कॅफे सोडला. मग बेकरी सोडली. मग खिडकीशी उभं राहणं सोडलं. ध्वनिमुद्रणाला यायचं म्हणजे इल्दा आधी खाली जाऊन रस्ता बघून येई.

आणि या काळात त्याने 'मिठागर'साठी जे लिहिलं ते ऐकून आम्हा वादकांच्या अंगावर काटा यायचा. नायिका दार उघडते एवढाच प्रसंग, पण खालून चेलो असे सरकत यायचे की दारामागे मृत्यू उभा आहे असं वाटावं. निर्माता खूष होता. पाठ थोपटून म्हणायचा, "मास्तर, कमाल! बायका घाबरून उशीत तोंड खुपसतात. आणखी असंच द्या." आदेरितु त्याच्याकडे बघत राही.

एका दुपारी इल्दा माझ्या दारात आली. धापा टाकत होती.

"कुंपाद्र, तुम्ही याला काहीतरी सांगा. टेलिफोनवर उशी दाबून ठेवलीय. मुलगी क्लासहून यायला जरा उशीर झाला तर जिन्यात बसून रडत होता. घरात मेलेल्या माणसाबरोबर राहिल्यासारखं झालंय."

"त्याने सांगितलं तुला?"

"सांगायला कशाला हवं? झोपेत बोलतो. 'अर्धा वर, अर्धा वर' म्हणतो." तिने धाप आवरली. मग म्हणाली, "विचारू दे त्याला. त्या सैतानाला एकदाच विचारू दे. 'हो' म्हणाला तर 'हो'. निदान कळेल तरी."

मला ते पटलं नाही. पण आदेरितुला पटलं, याचंच मला आश्चर्य वाटलं. त्याने मला सोबत यायला सांगितलं. आम्ही चौकातल्या बागेत गेलो. तो म्हातारा बाकावर बसून कबुतरांना पाव टाकत होता. आदेरितुच्या चेहऱ्याचा रंग चुन्यासारखा झाला होता. जवळ जाईपर्यंत तो दोनदा थांबला. दुसऱ्या वेळी मला वाटलं, आता हा परत फिरणार.

"नमस्कार, मास्तर. बसा ना."

आदेरितु बसला नाही. "मला एक विचारायचंय. तेव्हा… मी कुणाचं नाव घेतलं होतं का?"

म्हाताऱ्याने पावाचा तुकडा मोडला. खरोखरच विचार करत असल्यासारखा आकाशाकडे बघत राहिला. "किती वर्षं झाली हो. तुम्ही मला आठवता ते तुमच्या कानामुळे. तसा कान मी दुसरा बघितला नाही. बाकी कोण काय म्हणालं… माणसं फार होती, मास्तर. चेहरे एकमेकांत मिसळून जातात."

"पण तुम्हाला माहीत असणार."

"तुम्हाला काय ऐकायचंय ते सांगा," म्हातारा मऊपणे म्हणाला. "सांगितलं नाही, असं म्हटलं तर झोप लागेल? तर तसं म्हणतो. सांगितलं, असं म्हटलेलं हवं असेल तर तेही म्हणतो. मला काय, दोन्ही सारखंच."

आणि त्याने उरलेला पाव कबुतरांसमोर झटकला.

मी आयुष्यात पुष्कळ घाबरलो आहे. पण त्या मऊ आवाजाने माझ्या काळजाचं जसं पाणी झालं तसं पुन्हा कधी झालं नाही. आदेरितुला मी अक्षरशः धरून घरी आणलं. तो आजारी पडला. ताप येई, उतरे, पुन्हा येई. एका सकाळी उठून बसला आणि म्हणाला, "सेतूबलला जायचंय. ओलिंपियाकडे."

ओलिंपिया म्हणजे किरीनुची थोरली बहीण. मासळीबाजारात तिचा गाळा होता. आदेरितु तिला किरीनु फ्रान्सला गेल्यापासून भेटला नव्हता. गावी जायचा, पण बाजाराच्या रस्त्याने जायचा नाही.

बसने पूल ओलांडताना तो डोळे मिटून बसला होता. बाजारात शिरलो तेव्हा ओलिंपिया एका गिऱ्हाइकाशी भांडत होती. "शिळा? हा मासा शिळा? बाई, हा तुमच्या नवऱ्यापेक्षा ताजा आहे!" गिऱ्हाईक गेलं आणि तिने आम्हाला बघितलं. हातातली सुरी खाली ठेवली. एप्रनला हात पुसले.

"आदेरितु लोरोझा," ती म्हणाली. "म्हातारा झालास की."

"ओलिंपिया, मला तुला काहीतरी सांगायचंय."

"मग सांग. मासे ऐकतील, पण सांगणार नाहीत कुणाला."

त्याने सांगितलं, तिथेच, बर्फावर मांडलेल्या माशांसमोर उभं राहून. खोली, मासे चाललेली भिंत, हाक. शेवटी म्हणाला, "किरीनुचं नाव मी घेतलं असेल. मला माहीत नाही. कदाचित तो माझ्यामुळे मेला."

मी ओलिंपियाच्या सुरीकडे बघत होतो, खोटं कशाला बोलू. मग तिचा चेहरा लाल होत गेला.

"एवढ्यासाठी आला नाहीस?"

"हो."

"इतकी वर्षं?"

"तुला तोंड कसं दाखवू, मला—"

"अरे मूर्खा!" तिचा आवाज बाजारभर घुमला. आजूबाजूच्या बायका मागे वळल्या. "त्याला कुणी पकडून दिलं ते मी काय विचारत बसले होते? सगळं थिएटर गुणगुणत होतं, निम्म्या गावाला ठाऊक होतं शब्द कोणाचे ते! आई मरेपर्यंत दाराकडे बघत होती. म्हणायची, किरीनु गेला, पण त्याचे मित्र येतील. आदेरितु येईल, तो शहाणा मुलगा आहे, तो येऊन सांगेल माझं पोर कसं बोलायचं, कसं हसायचं. दर रविवारी एक ताट जास्त वाढायची. तू नाव घेतलंस की नाही ते देवाला माहीत. पण तू आला नाहीस, हे मला माहीत आहे. भीतीने आला नाहीस. ते मी माफ करणार नाही."

आदेरितु उभाच होता. अश्रू ओघळत होते, पुसायचं भान नव्हतं. मला वाटलं, आता हा कोसळणार. पण तो एवढंच म्हणाला, "बरोबर आहे तुझं."

"बरोबर आहे ना? मग थांब. गाळा बंद करते. जेवून जा."

तिच्या घरी आम्ही तळलेले चोकू, म्हणजे माकुळासारखे मासे, खाल्ले. ती माफ करत नव्हती आणि वाढत होती. आदेरितुने तिला किरीनुबद्दल सांगितलं. तो खिडकीतून उडी मारून कसा यायचा, सिनेमाच्या कॅमेऱ्याला 'माझी म्हातारी' कसा म्हणायचा, सेन्सॉरच्या साहेबाची नक्कल कशी करायचा. ती ऐकत राहिली. मध्येच हसली, मग हसता हसता तोंडावर एप्रन ओढून घेतला. निघताना दारात म्हणाली, "पुढच्या रविवारी ये. आणि इल्दाला आण. एकटा येऊ नकोस, फार रडतोस."

त्यानंतरच्या दिवसांतली गोष्ट. आदेरितु म्हणाला, कॉफी प्यायची आहे. आमच्या कॅफेत. मी म्हटलं, कशाला उगीच? तर म्हणाला, "मी भितो म्हणून एका म्हातारीने ताट वाढून वाट बघितली. आणखी काय काय बाकी ठेवायचं?"

आम्ही आमच्या टेबलावर बसलो. दार उघडलं. करडा कोट, केकचं पुडकं.

"नमस्कार, मास्तर. बऱ्याच दिवसांनी."

आदेरितु उभा राहिला. त्याच्या तोंडून आधी आवाजच निघेना. मला ट्युबात ओकणारा पोरगा आठवला आणि वाटलं, देवा, आता तेच होणार. मग त्याचा चिरका, फुटका आवाज आला, पण सगळ्या कॅफेला ऐकू जाईल एवढा.

"मंडळी, या गृहस्थांचं नाव मला माहीत नाही. यांनी मला ते कधी सांगितलं नाही. पण मला यांनी भिंतीशी उभं ठेवलं होतं, पायांतून पाणी गळेपर्यंत. किरीनु नावाच्या माझ्या मित्राची छाती यांच्या कचेरीत फुटली. तो सिनेमे काढायचा. मला वाटलं, तुम्हाला माहीत असावं तुम्ही कोणाला डॉक्टरसाहेब म्हणता ते."

वेटर ट्रे घेऊन जागच्या जागी उभा. कोपऱ्यातली एक बाई उठली, पर्स उचलली आणि म्हाताऱ्याकडे न बघता बाहेर गेली. मग गल्ल्यामागचा मालक म्हणाला, "साहेब, आज केक संपलेत. उद्याही संपलेले असतील."

म्हातारा हसला नाही की चिडला नाही. त्याने टोपी घातली, पुडकं सावरलं आणि आदेरितुला इतक्या हळू म्हणाला की फक्त आम्हाला ऐकू आलं, "आवाज कापतोय तुमचा, मास्तर." आणि गेला.

खरंच कापत होता. घरी गेल्यावरही कापत होता. पुढे कित्येक आठवडे आदेरितु दाराला खुर्ची लावून झोपत असे, टेलिफोन वाजला की भिंतीला चिकटत असे. त्या माणसाने काहीच केलं नाही. काही दिवसांनी त्याची मुलगी दुसरीकडे राहायला गेली आणि तोही गेला, एवढंच कळलं. आदेरितुला त्यानेही बरं वाटलं नाही. तो म्हणायचा, "पूर्वी निदान कुठे आहे ते तरी माहीत होतं."

भीती गेली नाही. मी सांगतो ते खोटं वाटू नये म्हणून हे सांगतो. तो मरेपर्यंत भीत राहिला. पण बेकरीत जायचा, कॅफेत बसायचा, आणि रविवारी इल्दाला घेऊन सेतूबलला जायचा. एकदा मी त्याला विचारलं की ओलिंपियाने शेवटी माफ केलं का. तो म्हणाला, "विचारायची हिंमत झाली नाही रे." पुढच्या मालिकांना त्याने संगीत दिलं, एका लहान मुलांच्या कार्यक्रमाला दिलं, त्यात एक बोका होता आणि त्या बोक्याची चाल फार गमतीची होती.

तो गेला तो झोपेत, वसंतात. चर्चमध्ये टेलिव्हिजनचे लोक आले होते, जुने वादक आले होते. ओलिंपिया बाजारातून तशीच आली, अंगाला मासळीचा वास. शवपेटीपाशी बराच वेळ उभी राहिली, मग इल्दाच्या शेजारी येऊन बसली आणि तिचा हात हातात घेतला. बाहेर निघताना माझी नजर पुन्हा पुन्हा शेवटच्या बाकाकडे जात होती. तिथे कोणी करडा कोट घालून बसलेलं नाही ना, हे बघायला. कोणी नव्हतं. तरी मी पायऱ्या उतरून रस्त्याच्या दोन्ही टोकांना बघितलं, आणि मगच इल्दाला म्हटलं, "चल."

आदेरितुने ते नाव घेतलं की नाही, ते आजही कुणाला माहीत नाही.